वनराज भाटिया: टीव्हीने कॉन्सर्टचा संगीतकार गिळला का?

कोपरीकर: लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये आणि पॅरिसला संगीतरचनेच्या नामांकित शिक्षिका नादिया बूलांजे यांच्याकडे शिकलेला माणूस. इथे येऊन जाहिरातींच्या हजारो जिंगल्स, मग १९८८ मध्ये टीव्हीवरच्या 'तमस' आणि 'भारत एक खोज'चं संगीत. कॉन्सर्टसाठी लिहिलेल्या रचना, पियानोचा फँटेशिया आणि तारवाद्यांची सिन्फोनिया, इकडे किती जणांनी ऐकलीय? 'अग्निवर्षा' ऑपेरा मंचावर आला २०१२ मध्ये, न्यूयॉर्कला, त्यांची ऐंशी उलटल्यावर. टीव्हीनेच घात केला.

सीवूड्सवाली: काहीतरीच! ३० सेकंदांची जाहिरात म्हणजे सेकंदाला २५च्या हिशेबाने ७५० फ्रेम. लय मिनिटाला १२० मात्रांची धरली तर साठ मात्रा, चार-चार मात्रांचे पंधरा बार. शेवटचे दोन कंपनीच्या नावाला. उरलेल्या तेरांत चाल मांडून, फिरवून परत आणायची. फ्यूग, म्हणजे एकच चाल अनेक आवाजांत गुंफलेली रचना, लिहिणाऱ्याचा हात असल्या कामाने बिघडत नाही, घोटला जातो. 'भारत एक खोज'चं नासदीय सूक्ताचं शीर्षकगीत ५३ भागांतून घराघरांत गेलं. समूहगानाला एवढा श्रोता कुठल्या सभागृहात मिळाला असता?

ढोकाळी नाका: दोघंही कागद विसरताय. टीव्हीचं संगीत रेकॉर्ड झालं की नोटेशनचं काम संपतं. मंचाला फुल स्कोअर लागतो, म्हणजे सगळ्या वाद्यांचे सूर एकत्र लिहिलेली प्रत, आणि प्रत्येक स्टँडला वेगळा पार्ट, म्हणजे फक्त त्या वाद्याचे सूर. तारवाद्यांचे सोळा वादक घ्या: पाच पहिली व्हायोलिन, चार दुसरी, तीन व्हिओला (व्हायोलिनहून थोडं मोठं, खालच्या सुरांचं), तीन चेलो, एक डबल बास. दोघांत एक स्टँड धरून दहा प्रती. बार क्रमांक स्कोअरशी जुळले नाहीत तर तालमीचा पहिला तास "कुठून घ्यायचं?" यातच जातो. पान उलटायच्या जागी विराम नसेल तर अर्धा विभाग गप्प. व्हिओलावाले मिळाले नाहीत म्हणून व्हायोलिन बसवलं, तर ते आपल्या सर्वांत खालच्या 'जी' सुराच्या खाली उतरत नाही. खालचे सूर चेलोला द्यावे लागतात आणि मधला थर पोकळ होतो.

त्यात आपलं ठाण्याचं गडकरी रंगायतन पडलं नाटकाचं थिएटर. विंगा नि पडदे तारांचा आवाज पितात, मागे लाकडी फळ्या उभ्या केल्या तर थोडा पुढे येतो. माइक लावाच, पण वरून. प्रत्येक वाद्याला चिकटवलात तर नुसती गजाची खरखर.

कोपरीकर: कागदाचं मान्य. पण दहा प्रती लिहून घ्यायला पैसे कोण देतं? जिंगलला गिऱ्हाईक असतं, सिन्फोनियाला नसतं.

सीवूड्सवाली: मग टीव्हीवर राग कशाला? त्यानेच तर घर चालवलं. २०१९ला जगप्रसिद्ध चेलोवादक यो-यो मांनी मुंबईत त्यांची 'रेव्हरी' चेलोवर वाजवली, तेव्हा कुणी जिंगल्सचा हिशेब मागितला नाही.

कोपरीकर: मुंबईत. ठाण्यात कधी?