नाइटिंगेल स्मारकाचे एचिंग: मूळ शिल्पाशी ते कसे पडताळावे?

प्रश्न:
माझ्याकडे एकोणिसाव्या शतकातील एक छाप आहे. खालच्या दारातून बाहेर आलेला, कफनात गुंडाळलेला सापळा वरच्या मरणासन्न स्त्रीवर भाल्याचा नेम धरतो आहे आणि तिला सावरणारा पुरुष हात पुढे करून वार अडवू पाहतो आहे. हे लंडनच्या वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीतील नाइटिंगेल दांपत्याचे स्मारक आहे. छाप खरोखर एचिंग (धातूच्या पत्र्यावर आम्लाने रेषा कोरून घेतलेली छाप) आहे का आणि शिल्पाशी किती प्रामाणिक आहे, हे कशावरून ठरवावे?

उत्तर १:
हे शिल्प लुई-फ्रांस्वा रूबियाक यांचे, १७६१ मधले. लेडी एलिझाबेथ १७३१ मध्येच वारल्या होत्या आणि त्यांचे पती १७५२ मध्ये. म्हणजे पत्नीला वाचवण्याची पतीची ही धडपड दोघांच्याही पश्चात संगमरवरात उतरली. प्रथम डावी-उजवी बाजू तपासावी. तांब्याच्या पत्र्यावर चित्र सरळ काढले तर कागदावर ते उलटे उमटते, त्यामुळे शिल्पाच्या छायाचित्राशेजारी ठेवून पाहणे आवश्यक आहे.

उत्तर २:
भिंगाखाली कफनाच्या चुण्या पाहाव्यात. एचिंगमध्ये सुई फक्त पत्र्यावरचा मेणाचा थर खरवडते आणि आम्ल धातूला कोरते, म्हणून रेषेची जाडी बहुधा सारखी राहते व टोके बोथट दिसतात. कोरणीने थेट कोरलेली रेषा मात्र मध्ये फुगून टोकाला निमुळती होते. दाराआडच्या अंधारातील रेषा अधिक वेळ आम्लात ठेवलेल्या असतात, म्हणून त्या जाड व काळ्याभोर. एकाच पत्र्यावर दोन्ही पद्धती वापरण्याची रीत होती, तेव्हा दोन्ही प्रकारच्या रेषा आढळल्या तरी छाप बनावट समजू नये.

उत्तर ३:
माझ्या मते खरी कसोटी भाल्याची आहे. प्रत्यक्ष स्मारकापुढे सापळा खाली, आपल्या जवळ असतो आणि नजर भाल्यावरून वर त्या स्त्रीकडे चढते. छापात सारे एकदम दिसते, त्यामुळे तो ताण टिकवायचा तर भाल्याचे टोक आणि पतीचा हात यांतले अंतर अचूक साधावे लागते. तिथेच संगमरवराचा पांढरेपणाही जपावा लागतो, कारण छापात उजेड म्हणजे कोरा सोडलेला कागद. रेषा दाट झाल्या की हात आणि पार्श्वभूमी एकजीव होतात आणि अडवण्याची ती धडपडच हरवते. आपण त्या भागाचे जवळून घेतलेले छायाचित्र द्यावे, म्हणजे नेमके सांगता येईल.