मेरी लिव्हिंगस्टनचं घरकाम म्हणजे नेमकं काय

आफ्रिकेत मिशनरी म्हणून गेलेल्या डेव्हिड लिव्हिंगस्टनची बायको मेरी, तिच्याबद्दल 'मेरीने फक्त घर सांभाळलं, मिशनचं काम डेव्हिडचं' असं म्हटलं जातं, ते मला पटत नाही. दक्षिण आफ्रिकेतल्या कुरुमानच्या मिशनमध्येच वाढल्यामुळे तिला सेत्स्वाना ही तिथली भाषा चांगली यायची. कोलोबेंगला (आजच्या बोट्सवानात) त्यांच्या मिशनमध्ये लहान मुलांची शाळा तीच चालवायची. आणि घर सांभाळणं तरी कसलं! साबणसुद्धा घरीच. राख भिजवून तिची निवळी काढायची आणि चरबीत घालून उकळायची. पण तिथल्या लाकडाच्या राखेत क्षार अगदी कमी, एका उकळीत चरबीचा साबण होतच नाही. ताजी निवळी घालत महिना-दीड महिना आटवत बसायचं. पाव भाजायचा तर वारूळ पोखरून भट्टी करायची, तोंडाला दगडाची फरशी लावायची. हा तपशील डेव्हिडनेच १८५७च्या प्रवासवर्णनात दिलाय, लोक त्याच्यावरचा सिंहाचा हल्ला वाचतात आणि ती पानं नुसती उलटून जातात.