अनुभव धागा : मालिकेवर जीव आहे, मग प्रत कुठून आणायची?

मालिका, सामने, जुनं दूरदर्शन यांच्यावर जीव असणारी माणसंच पायरसीच्या सगळ्यांत जवळ असतात. ज्याला बघायचंच नाही, तो कशाला टेलिग्रामवर भाग शोधत बसेल? त्यामुळं "चोरी वाईट" एवढं लिहून थांबू नका. काय करता, कसं करता, कुठं बिघडतं आणि कुठली रेघ ओलांडत नाही, ते आकड्यांसकट लिहा. स्वतःची कहाणी नको, वाचणाऱ्याला उद्या वापरता येईल असं हवं. कोल्हापूर आणि आसपासच्या मंडळींनी पाठवलेलं खाली देत आहे.

राजारामपुरी, केबलचं काम

गिऱ्हाईक म्हणतं, "आमची मालिका एकच. तिच्यासाठी सगळा पॅक कशाला? पोरगा मोबाइलवर फुकट लावून देतोय." चॅनल सुटा मिळतो, हे या गिऱ्हाइकाला बहुतेक वेळा कुणी सांगितलेलंच नसतं. ट्राय म्हणजे दूरसंचार नियामक, तिच्या नियमानुसार प्रत्येक पे चॅनल सुटा द्यावाच लागतो, आणि जो चॅनल पॅकमध्ये घालायचा त्याची सुटी किंमत महिन्याला 19 रुपयांच्या वर ठेवता येत नाही. नेटवर्क फी म्हणजे चॅनल घरापर्यंत आणण्याचे ऑपरेटरचे पैसे, तो एक चॅनल आणि वर 18 टक्के जीएसटी, एवढाच हिशेब. फी ऑपरेटरगणिक वेगळी, म्हणून ती आधी विचारा. मागताना "मराठी पॅक द्या" म्हणू नका. चॅनलचं नाव घ्या आणि एसडी की एचडी तेही सांगा, दोन्हींचे दर वेगळे असतात. चॅनल टाकला की बॉक्स चालू ठेवायचा. मंजुरीचा संदेश सिग्नलमधूनच येतो, बंद बॉक्सला तो पोचत नाही, आणि मग लोक "पैसे घेतले, चॅनल नाही" म्हणून भांडतात.

वर्षाचे हजार-दीड हजार घेऊन "जगातले सगळे चॅनल" देणारी ॲप विकणारे हल्ली गल्लोगल्ली झालेत. त्यातला एक रुपयाही मालिका करणाऱ्यांकडं जात नाही. सर्व्हर तिसऱ्याच कुणाचा, तो बंद पडला की विकणारा फोन उचलत नाही. तक्रार करायला जागाच नसते, कारण पावतीच नसते.

मोरेवाडी, संकलन

"आमची मालिका बंद करू नका" असं लिहिणाऱ्यांनी मोजणी कशी होते ते समजून घ्यावं. टीव्हीचं रेटिंग बार्क ही प्रेक्षक मोजणारी संस्था देते. चॅनलच्या आवाजात कानाला न कळणारी खूण मिसळलेली असते, आणि नमुन्यासाठी निवडलेल्या घरांतलं मीटर ती ओळखतं. आपल्या घरी मीटर नसेल तर आपण टीव्हीवर काय बघितलं ते रेटिंगमध्ये येतच नाही. चॅनलच्या अधिकृत ॲपवर किंवा यूट्यूब वाहिनीवर मात्र प्रत्येक बघणाऱ्याची मिनिटं मोजली जातात. म्हणून मालिका टिकावी असं मनापासून वाटत असेल, तर टीव्हीवर चुकलेला भाग ॲपवरच बघा, फेसबुकच्या पानावर नको. तिथल्या लाख व्ह्यूंचा जमाखर्च त्या पानाच्या मालकाच्या खात्यात.

चोरीची क्लिप ओळखणं सोपं आहे. आपोआप पकडणाऱ्या यंत्रणेला चुकवायला चित्र आरशासारखं उलटं करतात, कडा कापतात, आवाजाची पट्टी थोडी चढवतात. नायिकेचा पदर उजव्या खांद्यावर दिसला, दुकानाची पाटी उलटी दिसली, की समजायचं. अशी क्लिप "किती छान सीन" म्हणून पुढं पाठवू नका. तोच सीन चॅनलच्या पानावर बहुधा असतो, त्याची लिंक पाठवा. शोधायला दोन मिनिटं लागतात, तेवढा वेळ आपल्या आवडीसाठी द्यायला हरकत नसावी.

लक्ष्मीपुरी, मोबाइल दुरुस्ती

थोडक्यात सांगतो. प्ले स्टोअरबाहेरून टाकलेलं "फ्री ओटीटी" ॲप एसएमएस वाचण्याची किंवा ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागत असेल, तर ते लगेच काढा. व्हिडिओ दाखवायला या दोन्हींची गरज नसते. एसएमएसमधून बँकेचा ओटीपी जातो. ॲक्सेसिबिलिटी दिली की ॲपला पडद्यावरचं वाचता येतं, स्वतः बटणंही दाबता येतात. ॲप निघतच नसेल तर आधी सेटिंगमध्ये जाऊन ॲक्सेसिबिलिटी आणि डिव्हाइस ॲडमिन या दोन ठिकाणी त्याचं नाव बंद करा, मग काढा. तरीही चिकटून राहिलं तर सेफ मोडमध्ये, म्हणजे बाहेरून टाकलेली ॲप बंद ठेवून, फोन चालू करून काढा. बँकेचा पिन दुसऱ्या फोनवरून बदला, त्याच फोनवरून नको.

कसबा बावडा, फ्री डिशवरून रेकॉर्डिंग

आपल्यासाठी रेकॉर्ड करून ठेवणं ही चोरी नव्हे, आणि ती सोय फार लोक वापरत नाहीत. डीडी फ्री डिशला महिन्याची फी नाही. उपग्रह 93.5 अंश पूर्वेला. कोल्हापुरातून डिश आग्नेयेकडं, उत्तरेपासून सुमारे 129 अंशांवर, आणि क्षितिजापासून साधारण 60 अंश वर बघायला हवी. घरगुती डिश ऑफसेट असते, म्हणजे सिग्नल पकडणारा भाग मधोमध नसून खालच्या बाजूला असतो, त्यामुळं दिसायला ती तेवढी वर बघत नाही. फक्त डोळ्याच्या अंदाजानं लावू नका, बॉक्समधल्या सिग्नल क्वालिटीच्या पट्टीवर बसवा.

रेकॉर्डिंग असलेला बॉक्स घ्या आणि मागं पेन ड्राइव्ह लावा. बहुतेक बॉक्सना पेन ड्राइव्ह एफएटी32 पद्धतीनं फॉरमॅट केलेला लागतो, आणि त्यात एक फाइल 4 जीबीच्या वर जात नाही, म्हणून लांब कार्यक्रमाचे तुकडे पडतात. एसडी चॅनल 3 ते 4 एमबीपीएसनं येतो असं धरलं तर तासाला दीड जीबीच्या आसपास. टायमर दोन मिनिटं आधी आणि दहा मिनिटं उशिरापर्यंत लावा. स्वस्त पेन ड्राइव्ह लिहिताना मागं पडतो आणि चित्र अडखळतं. त्याचा दोष लोक डिशला देतात. जुलै-ऑगस्टच्या आपल्या पावसात मात्र दोष खरंच आभाळाचा असतो. डिशचा सिग्नल केयू बँड या लहरींवर येतो, तो जोराच्या सरीत पडतो आणि चित्राचे चौकोन होतात. त्यावर उपाय नाही, पुनःप्रक्षेपण धरायचं.

पे चॅनलच्या बॉक्सनं केलेलं रेकॉर्डिंग बहुधा कुलूपबंद असतं आणि त्याच बॉक्सवर चालतं. ते कुलूप तोडू नका.

शाहूपुरी, वकिली

वरच्याला जोडून लिहिते. कॉपीराइट कायदा 1957, कलम 39 : रेकॉर्डिंग करणाऱ्यानं स्वतःच्या खाजगी वापरासाठी, किंवा खऱ्याखुऱ्या शिकवण्या-संशोधनासाठी केलेलं रेकॉर्डिंग हा प्रक्षेपण-हक्काचा, म्हणजे वाहिनीच्या आपल्या प्रक्षेपणावरच्या हक्काचा, भंग होत नाही. मूळ कलाकृतीच्या खाजगी वापराला कलम 52 मध्ये जागा आहे. कुलूप तोडण्याला 2012 च्या दुरुस्तीनं आलेलं कलम 65अ लागतं. कलम 63 ची शिक्षा 6 महिने ते 3 वर्षे, दंड 50 हजार ते 2 लाख. धंदा किंवा फायदा नसेल तर न्यायालय कारण नोंदवून कमी करू शकतं, पण गुन्हा तो गुन्हाच.

लोक हमखास चुकतात ते मुदतीत. "पंचवीस वर्षं झाली, आता मालिका मोकळी" असं ऐकू येतं. पंचवीस वर्षं ही प्रक्षेपण-हक्काची. मालिका कायद्याच्या भाषेत चलच्चित्र, तिला प्रकाशनाच्या पुढच्या वर्षापासून 60 वर्षं. 1985 साली आलेली मालिका 2045 सालच्या अखेरीपर्यंत कुणाच्या तरी मालकीची आहे.

शुक्रवार पेठ, जुन्या टेपा

या गावात हा विषय वेगळा दुखतो. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनं इथं मूकपट केले. त्यांचे हक्क कधीच संपले, पण बहुतेकांची प्रतच उरलेली नाही. कायद्यानं मोकळं झालेलं काम बघायलाच शिल्लक नाही, असं टीव्हीचंही होतं. बीबीसीनं 1960 च्या दशकातल्या 'डॉक्टर हू' या मालिकेच्या टेपा पुसून परत वापरल्या. हरवलेल्या भागांचा आवाज मात्र आज ऐकता येतो, कारण प्रेक्षकांनी घरी टेपरेकॉर्डर लावून तो धरला होता. म्हणून घरातल्या व्हीएचएस टेपा भंगारात देऊ नका.

आधी कॅसेट खिडकीतून उजेडात बघा. रिळाच्या कडेला पांढरी पूड किंवा कोळ्याच्या जाळ्यासारखे धागे दिसले तर ती बुरशी. ती कॅसेट व्हीसीआरमध्ये घालायची नाही. हेड घाण होतो आणि पुढची प्रत्येक टेप त्याच बुरशीनं माखते. खालचे पाच स्क्रू काढून कवच उघडा, आतली मांडणी खोलण्याआधी मोबाइलवर फोटो घ्या, कारण छोट्या स्प्रिंगा उडतात. 99 टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलनं, तंतू न सुटणाऱ्या कापडावर टेप हळू फिरवत पुसा. मास्क लावा. मग सिलिका जेल घातलेल्या बंद डब्यात दोन-तीन दिवस ठेवा. पावसाळ्यात हे काम करू नका, पुसलेली टेप दमट हवेतच परत गुंडाळली जाते. मार्च-एप्रिल उत्तम.

उतरवताना व्हीसीआर ते संगणक अशी थेट जोडणी केली तर चित्राच्या उभ्या रेघा वाकतात आणि अर्ध्या तासानंतर ओठ आणि आवाज जुळत नाहीत. कारण जुन्या टेपचा वेग एकसारखा नसतो आणि कॅप्चर स्टिक, म्हणजे व्हीसीआर संगणकाला जोडणारं छोटं यंत्र, फ्रेम गाळते. मध्ये जुना डीव्हीडी रेकॉर्डर जोडून त्यातून सिग्नल आरपार नेला तर पुष्कळसं सरळ होतं. सगळे रेकॉर्डर हे करत नाहीत, लावून बघावं लागतं. पाल या आपल्याकडच्या टीव्ही पद्धतीत 720 गुणिले 576, सेकंदाला 25 फ्रेम. चित्र इंटरलेस्ड असतं, म्हणजे एकाआड एक रेघांच्या दोन अर्ध्या चित्रांचं, ते तसंच ठेवा. डीव्ही स्वरूपात तासाला 13 जीबी लागतात. ही मूळ प्रत दोन वेगळ्या डिस्कवर. बघायला लहान प्रत वेगळी करा आणि डीइंटरलेस, म्हणजे ती अर्धी चित्रं एकत्र करणं, फक्त तिलाच.

जाहिराती, निवेदिका, व्यत्ययाची पाटी, काही कापू नका. मालिका कदाचित निर्मात्याकडं असेल, त्या संध्याकाळचं निवेदन बहुधा फक्त तुमच्याकडं असेल.

आता रेघ. उतरवलेलं विकायचं नाही, पेन ड्राइव्हच्या "खर्चाचे" म्हणून सुद्धा नाही. नेटवर टाकण्याआधी प्रसार भारतीची यूट्यूबवरची अर्काइव्ह्ज वाहिनी आणि 2024 साली आलेलं त्यांचं वेव्ज ॲप बघा. तिथं असेल तर आपली प्रत घरात राहू दे, लिंक द्या. नसेल तर टेप आपल्याकडं आहे हे हक्कदाराला लेखी कळवा : कार्यक्रमाचं नाव, दिनांक, मिनिटं, टेपची अवस्था. उत्तर आलं नाही म्हणजे परवानगी मिळाली असं नाही. जपून ठेवायचं ते ठेवावं, जाहीर टाकू नये. हे बऱ्याच जणांना पटत नाही, पण निर्माता किंवा त्याचे वारस पुढं कधी तो कार्यक्रम आणतील तेव्हा त्यांना गिऱ्हाईक उरायला हवं.

सम्राटनगर, कोरियन मालिकांची मराठी सबटायटल्स

फाइल साधी असते. क्रमांक, वेळ, मजकूर, रिकामी ओळ :

212
00:18:04,200 --> 00:18:06,900
जेवलास का?

फाइल यूटीएफ-8 या युनिकोडच्या स्वरूपातच जतन करा, नाहीतर अक्षरांच्या जागी चौकोन येतात. श्रीलिपीसारख्या जुन्या फाँटमध्ये टाइप केलेला मजकूर युनिकोड नसतो, तो आधी बदलून घ्या. दोन ओळींच्या वर जाऊ नका, एक सबटायटल सेकंदापेक्षा कमी आणि सात सेकंदांपेक्षा जास्त ठेवू नका. इंग्रजीचा "सेकंदाला 17 अक्षरं" हा नियम देवनागरीला जसाच्या तसा लावला की सॉफ्टवेअर उगाच लाल दाखवतं, कारण एका "क्षि"ची ते चार चिन्हं मोजतं. मोठ्यानं वाचून बघा, वाक्य संपायच्या आत सबटायटल गेलं तर शब्द कमी करा. सुरुवातीला जुळलेलं सबटायटल हळूहळू मागं-पुढं होत गेलं तर फ्रेमरेट, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम, ते बघा. 23.976 आणि 25 यांत तासाअखेर जवळजवळ अडीच मिनिटांचा फरक पडतो. सेकंद पुढं-मागं सरकवून तो जात नाही, फ्रेमरेटच बदलावा लागतो.

सगळ्यांत अवघड काम "तू" आणि "तुम्ही"चं. कोरियनमध्ये आदराची बोली आणि बरोबरीची बोली क्रियापदातच वेगळी असते. इंग्रजी सबटायटलवरून मराठी केलं की सगळं "यू" होतं आणि आपण अंदाजानं "तू" टाकतो. मग नवव्या भागात नायिका पहिल्यांदा बरोबरीच्या बोलीत बोलते, तो क्षणच मराठीत उरत नाही. आपल्याकडं "अहो"वरून "अरे"वर येण्याएवढं ते मोठं असतं. म्हणून वाक्याच्या शेवटी "यो" ऐकू येतंय का ते कान देऊन ऐका. आलं तर बहुतेक आदर. कोण कुणाला कसं बोलतं याचा तक्ता आधी करा, मग टायपिंग.

भाषांतराचा हक्कही लेखकाचाच असतो, तेव्हा चाहत्यांची सबटायटल्स पूर्ण निर्दोष नाहीत, हे मान्य करून काम करावं लागतं. आमच्या गटात काही गोष्टी ठरलेल्या आहेत. फक्त मजकुराची फाइल द्यायची, व्हिडिओ नाही. पैसे किंवा देणगी घ्यायची नाही. अधिकृत मराठी आली त्या दिवशी आपली काढायची. ऐकू न येणाऱ्यांसाठी केलेल्या फाइली वेगळ्या, त्यांत [दार वाजतं] असे आवाजही लिहायचे. अपंग व्यक्तींसाठी सुलभ स्वरूपात प्रत करायला कलम 52 मध्ये 2012 पासून जागा आहे, म्हणून त्या कामाला आम्ही आधी वेळ देतो.

मंगळवार पेठ, फुटबॉल

युरोपातल्या सामन्यांच्या चोरीच्या लिंकांवर लई बोलतो आपण. शाहू स्टेडियमवरच्या आपल्याच पेठेच्या सामन्याचं काय? इथली पोरं कॅमेरा, लॅपटॉप, डेटा स्वतःच्या खिशातून घालून यूट्यूबवर थेट दाखवतात. 4 एमबीपीएसनं दोन तास म्हणजे 3.6 जीबी वर चढवावे लागतात. स्टेडियम भरलं की एकाच कंपनीचं नेटवर्क कोलमडतं, म्हणून दोन वेगळ्या कंपन्यांची सिमं. आणि तेच प्रक्षेपण कुणीतरी स्वतःच्या पानावर परत लावतं, निम्मे बघणारे तिकडं जातात.

दाखवणाऱ्यांनी आपल्या नावाची खूण कोपऱ्यात न ठेवता गुणफलकाच्या मागं ठेवावी, कोपरा कापता येतो. चोरीचं प्रक्षेपण दिसलं की वेळेसकट स्क्रीनशॉट आणि लिंक घेऊन त्या मंचाच्या कॉपीराइट अर्जातून कळवा. यूट्यूबवर समोरच्यानं उलट दावा केला तर आपल्याला उत्तराला कामाचे 10 दिवस मिळतात, ते चुकले की व्हिडिओ परत चढू शकतो. बघणाऱ्यांनी ग्रुपवर मूळ लिंकच टाकावी.

तालमीत मोठ्या पडद्यावर सामना लावणाऱ्यांनो, घरचं कनेक्शन त्यासाठी नाही. आणि तिकीट किंवा वर्गणी घेऊन दाखवलं तर कलम 37 प्रमाणं सरळ भंग होतो. ऑपरेटरकडं व्यावसायिक कनेक्शनचा दर विचारा, आधी लेखी घ्या.

शुक्रवार पेठ, पुन्हा

दोघांनी विचारलं म्हणून : लेबल पेन्सिलनं लिहा, शाईच्या पेनाची शाई दमटपणात पसरते. चॅनल, दिनांक, टेपचा वेग, कुणी रेकॉर्ड केलं, एवढं पुरे. कॅसेटच्या कडेची छोटी प्लॅस्टिकची पट्टी मोडून टाका, म्हणजे वरून चुकून काही रेकॉर्ड होणार नाही. कॅसेट पुस्तकासारखी उभी ठेवा, भरलेलं रीळ खाली येईल अशी.