अनुभव धागा : टीव्हीवाल्यांना पत्र धाडलंय कधी?

वाडा रिकामा करताना अण्णांच्या ट्रंकेत १५ पैशांची कोरी पोस्टकार्डं सापडली, त्यावरून आठवलं. वादग्रस्त मालिका किंवा चर्चा बघून तुम्ही कधी पत्र लिहिलंय? नावाऐवजी नाशिकमधला आपला भाग लिहा. माझ्यापासून सुरुवात.

रविवार कारंजा
जानेवारी १९८८. दूरदर्शनवर फाळणीवरची 'तमस' मालिका लागली आणि गल्लीत दोन तट पडले. अण्णांनी मेन रोडला दुकानात ऐकलं, ही मालिका दंगे पेटवणार. एकही भाग न बघता मला पुढ्यात बसवून लिहायला लावलं, 'त्वरित बंद करावी.' माझं अक्षर बरं, हा माझा गुन्हा. तासाभरात शेजारच्या सिंधी आजी आल्या. फाळणीनंतर देवळाली कॅम्पात उतरलेल्या, मराठी लिहिता येईना. "बेटा लिख, हे आम्ही डोळ्यांनी पाहिलंय, बंद करू नका." दोन्ही कार्डं एकाच अक्षरात, एकाच पेटीत. मुंबईत कुणी ती शेजारी-शेजारी ठेवून वाचली असती तर मला वेड्यातच काढलं असतं!

पुढे हायकोर्टाच्या न्यायमूर्तींनी स्वतः मालिका बघून ती बंद करण्याचा अर्ज फेटाळला. फेब्रुवारीत सुप्रीम कोर्टानंही. अण्णा एवढंच म्हणाले, "म्हणजे त्यांनी बघितली." पुढच्या भागाला मुकाट आजींकडे जाऊन बसले.

नाशिकरोड
बाबा इथल्या सरकारी सिक्युरिटी प्रेसमध्ये. टपाल तिकिटं छापणाऱ्याच्या घरीही कार्ड विकतच आणतात, हे कुणाला पटायचं नाही. पत्र एकदाच लिहिलं, तेही मालिकेविरुद्ध नाही, कार्यक्रम मध्येच बंद पडला की दूरदर्शनवर झळकणाऱ्या 'रुकावट के लिए खेद है'च्या पाटीविरुद्ध!

सिडको
मी हल्लीची. भानामती खरी असते असं दाखवणाऱ्या मालिकेबद्दल वाहिनीला मेल केला. २०२१च्या केबल नियमांप्रमाणे १५ दिवसांत उत्तर द्यावं लागतं. चौदाव्या दिवशी आलं. 'कथा काल्पनिक आहे, कुणाच्या भावना दुखावण्याचा हेतू नाही.' माझ्या भावना कुठं दुखावल्या होत्या? मी विचारलं होतं, २०१३पासून जादूटोणाविरोधी कायदा असलेल्या राज्यात हे कसं चालतं? उत्तर पटलं नाही तर वरच्या, वाहिन्यांच्याच स्वनियमन संस्थेकडे जाता येतं. मी अर्ज लिहीपर्यंत भानामती संपून नागीण आली होती.

पंचवटी
रविवार कारंजावाले, आजींचं पत्र टीव्हीवर वाचून दाखवलं का?

रविवार कारंजा
आजी रोज विचारायच्या. एकदा पत्रं वाचणार होते, अख्खी गल्ली जमली. नेमकी लाइट गेली.