मदत हवी आहे: गृहकर्जाचा खरा खर्च किती धरायचा?

नमस्कार मंडळी. बेळगावच्या शहापुरातल्या फ्लॅटसाठी २५ लाख, २० वर्षं, ८.५ टक्के फ्लोटिंग (बदलता) दर. हप्ता २१,६९६ रुपये. एकूण परतफेड सुमारे ५२.०७ लाख, म्हणजे नुसतं व्याजच २७ लाखांवर. पहिल्या हप्त्यात १७,७०८ व्याजाला, मुद्दलाला जेमतेम ३,९८८! दर वाढला की बँका बहुधा हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवतात, खरा फटका तिथेच बसतो.

बँकेने दिलेल्या की फॅक्ट स्टेटमेंटमधला (कर्जाच्या अटी आणि खर्चांचा तक्ता) एपीआर, म्हणजे व्याजासोबत इतर शुल्कं धरून काढलेला वार्षिक दर, पाहिला. कर्जातच मिळवलेला विम्याचा एकरकमी प्रीमियम त्यात धरलाय का, हे कुठल्या ओळीत कळतं?

आणि बेळगावात कर्ज फेडून मोकळे झालेल्यांनी कृपया सांगा: गहाणखताच्या नोंदणीला आणि शेवटी बोजा (मालमत्तेवरची कर्जाची नोंद) उतरवायला सब-रजिस्ट्रारकडे एकूण किती लागले?