नॅक नाही म्हणजे पदवी बाद, असं नसतं

वर कुणीतरी लिहिलंय की कॉलेजला नॅक, म्हणजे दर्जा तपासणाऱ्या राष्ट्रीय संस्थेचं मानांकन, नसेल तर तिथलं बी.एड. बादच समजा. इथे दोन गोष्टींची गल्लत होतेय. पदवी वैध ठरते ती एनसीटीईच्या, म्हणजे शिक्षक-प्रशिक्षण कॉलेजांना परवानगी देणाऱ्या केंद्रीय परिषदेच्या, मान्यतेवर. या परिषदेच्या १९९३ च्या कायद्यातलं कलम १७ सांगतं की मान्यता नसताना घेतलेली पदवी सरकारी नोकरीसाठी ग्राह्य धरली जात नाही. खरा धोका इथे आहे. नॅक म्हणजे दर्जाचं मूल्यांकन. एनसीटीईच्या २०१४ च्या नियमावलीत मान्यतेनंतर पाच वर्षांत ते करून घ्यायचं बंधन आहे, पण ते कॉलेजवर.

आधीच प्रवेश घेतलेल्यांनी घाबरू नये. मान्यता काढण्याचा आदेश लगेच लागू होत नाही, तो कळवल्यानंतरचं पुढचं शैक्षणिक सत्र संपल्यावर लागू होतो.

नवीन प्रवेश घेणाऱ्यांना मात्र कळकळीनं सांगते, फी भरण्याआधी मान्यतेच्या आदेशाची प्रत मागा. त्यात अभ्यासक्रमाचं नाव आणि तुकड्या लिहिलेल्या असतात. एक तुकडी म्हणजे ५० विद्यार्थी. भाचीच्या वेळी एका कॉलेजच्या फलकावर १०० जागा होत्या, आदेशात एकच तुकडी! विचारलं तर क्लार्क म्हणाला, "मॅडम, वाढीव जागांचं होऊन जाईल." आम्ही तिथूनच परत फिरलो.

आणि हो, इंटर्नशिपसाठी कोणत्या शाळा ठरल्यात तेही विचारा. वीस आठवडे शाळेत काढायचे असतात, ते नुसते कागदावर निघाले तर पोरं वर्गात उभी राहिल्यावर गांगरतात.