धरणाची वाट पाहायची, की वहाळच अडवायचा?

वहाळकाठी

आमच्या ग्रामसभेत यंदाही दोन ठराव एकमताने मंजूर झाले. एप्रिलपासून वाडीला टँकर मिळावा हा पहिला, आणि वरच्या अंगाला रखडलेल्या धरणाचे काम पुन्हा सुरू करावे हा दुसरा. दोन्हींच्या बाजूने मी हात वर केला, पण दुसरा ठराव खरोखर आपल्या हिताचा आहे का, हा विचार तेव्हापासून मनातून जात नाही, म्हणून हा धागा काढत आहे.

तीन हजार मिलिमीटर पाऊस हे आपल्याकडे कोकणात साधे वर्ष समजले जाते. याचा अर्थ एका हेक्टरवर तीन कोटी लिटर पाणी आभाळातून पडते. सह्याद्रीपासून समुद्रापर्यंतचे अंतर थोडे आणि उतार तीव्र असल्यामुळे त्यातील बरेचसे काही तासांत खाडीला मिळते. उरलेले पाणी सड्यावरच्या, म्हणजे डोंगरमाथ्याच्या कातळपठारावरच्या, जांभा दगडात मुरते, खाली चिकण मातीचा थर लागला की आडवे सरकते आणि डोंगराच्या कुशीत झऱ्याच्या रूपाने बाहेर येते. दिवाळीनंतर वहाळात, म्हणजे ओढ्यात, वाहते ते हे पाणी, आणि ते आपण रोज डोळ्यांदेखत खाडीत जाऊ देतो.

माझे म्हणणे असे की कोकणातील शेतीसाठी पहिला खर्च आणि पहिले श्रम या पाण्यावर व्हावेत. पाऊस थांबल्यावर सिमेंटच्या रिकाम्या गोण्यांत माती भरून घातलेले वनराई बंधारे, दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने पुढे आणलेला दगड आणि प्लास्टिकच्या कागदाचा विजय बंधारा, नव्या आंबा-काजूच्या कलमांसाठी सड्यावर पावसाचे पाणी साठवायला खणलेली जलकुंडे आणि बुजलेले जुने पाट ही सगळी कामे गावाच्या आवाक्यातली आहेत. मालवण तालुक्यातील धामापूरचा तलाव १५३० साली बांधला गेला. २०२० मध्ये त्याला सिंचनाचा जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली, आणि पाचशे वर्षांनंतरही त्याच्या पाण्यावर आगरे (माड-पोफळीच्या बागा) उभी आहेत. तेव्हा कोणी टँकरचा ठराव केला नव्हता.

सड्यावरचा

धामापूरचे उदाहरण देऊन आपण माझीच बाजू मांडली आहे. तो तलाव म्हणजे दोन टेकड्यांमध्ये मातीचा बांध घालून पावसाळ्याचे पाणी उन्हाळ्यासाठी धरून ठेवण्याची व्यवस्था आहे, आणि त्यालाच धरण म्हणतात. जुन्या लोकांना गोणपाटाचे बंधारे पुरले असते तर त्यांनी एवढा खटाटोप केला नसता.

आता हिशेब मांडू. दहा मीटर रुंदीच्या वहाळात बांधापाशी एक मीटर पाणी चढले आणि फुगवटा साठ मीटर मागे गेला, तर उतारामुळे जेमतेम तीन लाख लिटर पाणी साठते. उन्हाळ्यात माडाला ठिबकने दिवसाला चाळीस लिटर धरले, तरी शंभर माडांना ते अडीच महिने पुरेल, तेही गळती आणि बाष्पीभवन धरले नाही तर. जांभ्याच्या पात्रात गळती नाही असे मानणाऱ्याने एकदा आमच्या सड्यावर यावे. शंभर माड म्हणजे एका घराचे आगर. वाडीत घरे चाळीस आहेत.

दुसरी गोष्ट श्रमदानाची. बंधारा घालायला माणसे कुठून आणणार? आमच्या वाडीत नोव्हेंबरात साठीच्या आतले पाच जण सापडले तरी पुष्कळ झाले. बाकीचे विरार-नालासोपाऱ्याला, ते गणपतीत आणि शिमग्यात येतात, बंधाऱ्याच्या वेळी येत नाहीत. दरवर्षी नव्याने घालावी लागणारी गोष्ट ही माणसे असलेल्या गावाची योजना आहे.

आगरातली

मी सासरच्या आगरात पंचवीस वर्षे पाणी लावले आहे, म्हणून वरील हिशेबातली एक चूक दाखवून देते. बंधारा म्हणजे टाकी नव्हे. त्यात किती लिटर मावते यापेक्षा वहाळ किती वाहतो ते मोजले पाहिजे. सेकंदाला एक लिटर, म्हणजे पंधरा लिटरची बादली पंधरा सेकंदांत भरेल इतकी बारीक धार असली, तरी दिवसाला शहाऐंशी हजार चारशे लिटर पाणी येते. बंधारा त्या धारेची पातळी उचलतो, म्हणजे पाणी पंपाशिवाय पाटाने आगरात उतरते. शिवाय काठच्या विहिरींचे पाणी टिकते. आमच्या विहिरीला बंधारा घातलेल्या वर्षी आणि न घातलेल्या वर्षी लागणारा दोर वेगवेगळ्या लांबीचा असतो, हे घरातले लहान मूलही सांगेल.

पण वहाळकाठी यांच्याशीही मी पूर्ण सहमत नाही. आमच्याकडे पाट होता आणि पाळी होती. कोणाचे पाणी पहाटे, कोणाचे तिन्हीसांजेला, हे ठरलेले असे आणि पाळी मोडणाऱ्याला चार माणसांत बोलणी खावी लागत. मग वरच्या दोघा-तिघांनी वहाळात पंप टाकले. पाट कोरडा पडला, पाळी आपोआप बुडाली आणि खालच्या आगरांतल्या पोफळी एका उन्हाळ्यात जळाल्या. आज तुम्ही दहा बंधारे घाला, वरचे पंप ते रात्रीत उपसतील. बंधाऱ्याच्या फलकावर खर्चाचा आकडा लिहितात, पण पाणी कोणी किती घ्यायचे हे कुठेच लिहीत नाहीत.

सड्यावरचा

धारेचा हिशेब मान्य करतो, पण तो डिसेंबरचा आहे. आमचा वहाळ फेब्रुवारीच्या शेवटी आटतो. वरच्या सड्यावर चिरेखाणी झाल्या, पाणी मुरवणारा जांभाच तासून नेला गेला, तेव्हा झरे कोणत्या आधारावर वाहणार? न वाहणारे पाणी बंधारा अडवू शकत नाही. मार्च ते मे या तीन महिन्यांसाठी साठा लागतो आणि तो साठा जुलैच्या पाण्याचाच असावा लागतो, यावर तुमच्या दोघांकडे काय उत्तर आहे?

खाडीपट्टा

साठे झालेले आहेत की. तिलारीचे धरण दोडामार्ग तालुक्यात उभे आहे आणि त्याच्या पाण्यात मोठा वाटा गोव्याचा आहे. घाटावरच्या कोयनेचे पाणी वीज निर्माण करून वाशिष्ठी नदीत सोडले जाते, आणि कृष्णा पाणीतंटा लवादाने पश्चिमेकडे वळवण्यास दिलेली मर्यादा वर्षाला ६७.५ टीएमसी (अब्ज घनफूट) इतकी आहे. एवढे पाणी चिपळूणवरून बारमाही समुद्राकडे जात असताना त्याच तालुक्यातल्या वाड्यांना उन्हाळ्यात टँकर लागतो. म्हणजे साठा असणे आणि शेतापर्यंत पाणी पोहोचणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आपल्याकडे शेते तुकड्यातुकड्यांची आणि चढउतारावर असल्यामुळे घाटावरच्यासारखा कालवा काढून भागत नाही, पाणी उचलून न्यावे लागते, आणि उचलण्याचा वीजखर्च भातशेती पेलू शकत नाही.

धरण म्हटले की मला २ जुलै २०१९ ची रात्रही आठवते. चिपळूण तालुक्यातले तिवरे धरण फुटले आणि खालची वस्ती वाहून गेली. म्हणून धरणेच नकोत असे मी म्हणणार नाही, परंतु देखभाल होत नाही या कारणाने बंधारे नाकारायचे आणि त्याच गावाच्या डोक्यावर मातीचे धरण मागायचे, हे मला समजत नाही. बंधाऱ्याची देखभाल चुकली तर गोण्या वाहून जातील.

आमच्या खाडीकाठच्या लोकांचे दुखणे आणखी वेगळे आहे, आणि त्याबद्दल फार कोणी बोलत नाही. खारबंधिस्ती (खाडीचे पाणी अडवणारा बांध) फुटली की भरतीचे पाणी शेतात शिरते आणि पुढची काही वर्षे भाताचे दाणे पोचट निघतात. विंधनविहिरी खोल गेल्या की त्यांना मचूळ पाणी लागते. वरच्या अंगाने गोडे पाणी जितके कमी येते तितकी खाडी आत सरकते. त्यामुळे वहाळाचे पाणी खाडीत ‘वाया’ जाते, हा पहिल्या लेखातला शब्द नसला तरी भाव तोच होता, तो मला खटकला.

वहाळकाठी

खाडीपट्टा यांचा आक्षेप मी स्वीकारतो. वहाळाचे सगळेच पाणी शेतीचे आहे असे मी गृहीत धरले होते.

सड्यावरचा यांच्या प्रश्नाचे पूर्ण उत्तर माझ्याकडे नाही, अर्धे आहे. फेब्रुवारीपर्यंत वहाळात पाणी असेल तर कुळीथ, पावटा, कलिंगड आणि भाजीपाला निघून जातो. वायंगणी (उन्हाळी) भात मात्र मी तरी सुचवणार नाही, कारण ते फार पाणी पिते. मार्चनंतर प्रश्न फक्त माड-पोफळीचा आणि कोवळ्या कलमांचा उरतो. कलमांसाठी चार मीटर लांब, एक मीटर रुंद आणि एक मीटर खोल जलकुंडात चार हजार लिटर पावसाचे पाणी राहते आणि त्याला ना माणसे जमवावी लागतात, ना सामायिक सातबाऱ्यावरच्या तीस जणांच्या सह्या. आगरांसाठी साठा हवा हे खरे. तो धामापूरसारखा असावा, म्हणजे बांध, पाट आणि पाणी वापरणारी आगरे एका दिवसात पायी फिरून पाहता येतील इतका.

राहिली पाळी. त्याबाबत आगरातली यांनी जे लिहिले ते मला माझ्या मूळ मुद्द्याहून महत्त्वाचे वाटते, कारण आमच्या वहाळात बंधाऱ्याच्या जागेच्या वर जे चार पंप आहेत, त्यातला एक आमचाच आहे.

आगरातली

मग येत्या ग्रामसभेत तिसरा ठराव तुम्हीच मांडा, आणि त्यात पहिला पंप तुमचा लिहा. आठवड्यातले कोणते वार उपसा बंद, एवढे एक वाक्य पुरे आहे.

सड्यावरचा

तो ठराव आला तर मी अनुमोदन देईन आणि नोव्हेंबरात गोण्या भरायलाही येईन. धरणाच्या ठरावावरचा माझा हात मात्र वरच राहील. आमच्या सड्यावरच्या अकरा घरांना ना वहाळ आहे ना पाट, आणि जलकुंडातले चार हजार लिटर पाणी दहा कलमे जगवते, गोठ्यातली दोन जनावरे मे महिन्यात जगवत नाही.